टिमथी स्पॉल: आधी छोटा पडदा की मोठा?

ब्रिटिश अभिनेता टिमथी स्पॉलची ओळख करून घ्यायची तर दोन वाटा आहेत. टीव्हीवर १९८३ साली ‘आउफ विडरझेन, पेट’ आली. जर्मनीत बांधकामावर राबणाऱ्या ब्रिटिश कामगारांची ही मालिका. त्यातला स्पॉलचा इलेक्ट्रिशियन बॅरी रटाळ बोलतो, पण भागागणिक जीव लावतो. असं हळूहळू मुरणं मालिकेतच जमतं.

सिनेमाचं बळ वेगळं. ‘सीक्रेट्स अँड लाइज’ (१९९६) मधला फोटोग्राफर मॉरिस गिऱ्हाइकांना हसवतो आणि घरातली भांडणं मुकाट्याने गिळतो. शेवटी त्याचा बांध फुटतो, तेव्हा आपल्याही घशात आवंढा येतो. चित्रकार टर्नरवरच्या ‘मिस्टर टर्नर’साठी तर स्पॉल बराच काळ चित्रकला शिकला. संवादांपेक्षा घशातल्या गुरगुरण्यातून त्याने तो चित्रकार उभा केला आणि २०१४ मध्ये कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरला. ‘हॅरी पॉटर’मधला पीटर पेटिग्रू बहुतेकांना माहीत आहेच.

माझा कौल सिनेमाला, त्यातही मॉरिसला. मात्र २०२३ ची ‘द सिक्स्थ कमांडमेंट’ ही बीबीसीची मालिका चुकवू नका. प्रेमाला आसुसलेला निवृत्त शिक्षक त्याने इतक्या हळुवारपणे साकारलाय की बाफ्टा हे ब्रिटिश पारितोषिक त्यालाच मिळायला हवं होतं, आणि मिळालंही.