कल्पित जगाचा अनुनाद: स्वभावस्वर की संगस्मृती?

ग्वाल्हेरमधील आमच्या मराठी लेखनमंडळात एका कल्पित जगाची रचना चालू असून तेथील जादू अनुनादावर, म्हणजे एका वस्तूच्या कंपनाने जुळत्या स्वराची दुसरी वस्तू कंप पावण्यावर, आधारावी, यावर एकमत आहे. प्रश्न आहे तो दोन सिद्धांतांतून निवड करण्याचा.

'स्वभावस्वर' सिद्धांतानुसार प्रत्येक वस्तूची स्वतःची कंपनसंख्या असते आणि साधक नेमका तोच स्वर लावून तिला हलवतो. याचा पाया खरा आहे: सरोदची मुख्य तार छेडली की त्याच स्वराला लावलेली तरफेची तार स्पर्शावाचून झंकारते, हे या सरोदियांच्या शहरात कोणाला समजावून सांगावे लागत नाही. या सिद्धांतात जादूच्या मर्यादाही आपोआप येतात. कंपन क्षणात वाढत नाही. प्रत्येक आवर्तनात थोडी ऊर्जा साठत जाते आणि अवमंदन, म्हणजे वस्तूत कंपनाची ऊर्जा जिरून जाणे, जास्त असेल तर ही वाढ लवकरच थांबते, म्हणून काचेचा पेला फुटेल, पण ओल्या मातीची भिंत साधकाला दाद देणार नाही. शिवाय 20 अंश सेल्सिअसला हवेतील ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे 343 मीटर असल्यामुळे किलोमीटरभर दूरच्या शत्रूला सावध व्हायला जवळपास 3 सेकंद मिळतात.

'संगस्मृती' सिद्धांतात एकदा सहवासात आलेल्या वस्तू कितीही अंतरावरून एकमेकींसह कंप पावतात. विरहाच्या कथेसाठी ही कल्पना मोहक आहे, परंतु ऊर्जा कोठून येते याला तिच्यात उत्तर नाही.

माझा कौल स्पष्टपणे स्वभावस्वराला आहे. संगस्मृती ही त्या जगातील सामान्य लोकांची श्रद्धा म्हणून ठेवावी आणि तेथील पंडितांना तिच्याशी वाद घालू द्यावा.