पोलरायझिंग मायक्रोस्कोप: पावसाळ्याआधी घेतला, आत्तापर्यंतचा अनुभव

ठाण्यात नौपाड्याला आमची छोटी लॅब आहे, गाउटचे (युरिक ॲसिडमुळे सांधे सुजण्याच्या आजाराचे) क्रिस्टल शोधायला सांध्यातलं पाणी काही रोज येत नाही पण आजूबाजूचे ऑर्थो आणि फिजिशियन पाठवतात, म्हणून नेहमीच्याच मायक्रोस्कोपला पोलरायझर, ॲनालायझर (प्रकाशाला एकाच दिशेत कंप पावू देणारे दोन फिल्टर) आणि रेड कॉम्पेन्सेटर (क्रिस्टलला त्याच्या दिशेप्रमाणे रंग देणारी पट्टी) बसवून घेतला. पैसे वसूल आहेत, पण कॉम्पेन्सेटर घेतला तरच, हे आधीच सांगते.

नुसते पोलरायझर-ॲनालायझर एकमेकांना काटकोनात केले की मागचं सगळं काळं होतं आणि युरेटच्या (युरिक ॲसिडच्या क्षाराच्या, गाउटमध्ये सापडणाऱ्या) सुया लख्ख चमकतात, बघायला भारी वाटतं, पण ग्लोव्हजची पावडर पण चमकते, धूळ चमकते, सांध्यात आधी स्टेरॉइडचं इंजेक्शन दिलं असेल तर त्याचे क्रिस्टल पण चमकतात. कॉम्पेन्सेटर आत सरकवला की फील्ड गुलाबी-जांभळं होतं आणि मग रंग बोलायला लागतात. त्याच्या स्लो ॲक्सिसला (ज्या दिशेत कंप पावणारा प्रकाश हळू जातो ती दिशा) समांतर पडलेली युरेटची सुई पिवळी, काटकोनात पडलेली निळी. स्यूडोगाउट म्हणजे गाउटसारखाच दिसणारा दुसरा आजार, त्याच्या सीपीपीडी (कॅल्शियम पायरोफॉस्फेट) क्रिस्टलचं बरोब्बर उलटं, समांतर असताना निळा, आकार आखूड, तिरक्या चौकोनासारखा, आणि चमक इतकी मंद की घाईत हमखास सुटतो, त्याच्यासाठी ४०० पटीवर निवांत बसावंच लागतं. मॅककार्टी आणि हॉलंडरनी गाउटच्या सांध्यातले युरेट क्रिस्टल १९६१ मध्ये पोलराइज्ड लाइटखाली ओळखले, अजूनही पक्कं निदान याच्यावरच होतं.

आमच्या सेटमध्ये वैताग एकच, कॉम्पेन्सेटरवर ॲक्सिसची खूणच नव्हती आणि विकणाऱ्याला फोनवर विचारलं तर त्यालाही सांगता येईना. खूण नसेल तर पिवळं-निळं सगळं उलटं वाचलं जाईल ना! शेवटी एका पेशंटच्या टोफसमधला (गाउटच्या गाठीतला) पांढरा चुना स्लाइडवर घेऊन ॲक्सिस ठरवला, ती स्लाइड वाळवून ठेवलीये, युरेट तसेच टिकतात, रिपोर्टिंगच्या आधी तिच्यावर एकदा नजर टाकतेच.

खरा उपयोग कुठे झाला ते सांगते. एका काकांचा गुडघा टम्म सुजलेला, युरिक ॲसिड नॉर्मल, त्यामुळे गाउट नाही असं धरून चाललेलं, पाण्यात बघितलं तर पांढऱ्या पेशींच्या आत सुया! ॲटॅक चालू असताना रक्तातलं युरिक ॲसिड नॉर्मल येऊ शकतं, म्हणून माझं सगळ्या डॉक्टरांना कळकळीचं सांगणं आहे की सांधा टॅप केलाच आहे (सुईने पाणी काढलंच आहे) तर ते पाणी फेकू नका, पाठवा. आणि क्रिस्टल दिसले म्हणून इन्फेक्शन नाही असंही होत नाही, दोन्ही एकत्र असू शकतं, ग्रॅम स्टेन आणि कल्चर (जंतू शोधायच्या तपासण्या) आम्ही सोडत नाही.

सॅम्पल ताजं हवं, ऑक्झलेट किंवा लिथियम हेपरिनच्या ट्यूबमध्ये नको, त्यांचेच क्रिस्टल दिसतात, सोडियम हेपरिन चालतं. कव्हरस्लिप काचेचीच, प्लास्टिकची स्वतःच चमकते. पावसाळ्यात ठाण्यातल्या दमटपणाने लेन्सला बुरशी धरते म्हणून फिल्टर काढून सिलिका जेलच्या डब्यात ठेवतो. स्टेज फिरणारी मिळत असेल तर घ्या, आमची साधी आहे, त्यामुळे दोन्ही दिशांना पडलेले क्रिस्टल शोधत बसावं लागतं. आणि डेमोला कंपनीचा माणूस आला की त्याने आणलेल्या तयार स्लाइडवर जाऊ नका, स्वतःकडचं सॅम्पल लावून त्यालाच ॲक्सिस दाखवायला सांगा.