कोल्हापूरचा उजळाईवाडी विमानतळ: तिन्ही ऋतूंतल्या वापरानंतर

कोल्हापूरहून मुंबईला महालक्ष्मी एक्स्प्रेसने किंवा स्लीपर बसने जायचं तर रात्र जाते. विमानाला तासभर पुरतो. हा हिशेब ऑक्टोबर ते मे बिनधास्त धरावा. पावसाळ्यात मात्र जरा जपून.

ढग खाली उतरले आणि पावसात धावपट्टी दिसेना, की विमान वर घिरट्या घालतं. इंधनाची मर्यादा आली की निघालं तिथे परत जातं, नाहीतर दुसऱ्या शहरात उतरतं. इथून परत नेणारं विमानही तेच असतं. त्यामुळे नंतर उजळाईवाडीत लख्ख ऊन पडलं तरी उपयोग नाही. सकाळी खिडकीतून आभाळ बघत बसण्यापेक्षा येणारं विमान सुटलंय का, ते ॲपवर बघावं. हवामानामुळे रद्द झालं तर पैसे परत किंवा पुढच्या विमानात जागा मिळते, वर नुकसानभरपाई नाही. पुढे परदेशी विमान असेल तर दोन्ही विमानांचं तिकीट एकाच पीएनआरवर, म्हणजे एकाच बुकिंगमध्ये घ्या. ते जमत नसेल तर आदल्या दिवशीच निघा.

धावपट्टी १,९३० मीटरची, त्यात उंची समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर. कडक उन्हात हवा विरळ होते आणि उड्डाणाला जास्त धाव लागते. म्हणून इथे एटीआर आणि एम्ब्रेअर अशी लहान विमानंच जास्त. त्यांचे वरचे कप्पे छोटे असतात. नेहमीची केबिन ट्रॉली बऱ्याचदा शिडीपाशीच काढून घेतात आणि खालच्या सामानात टाकतात. पॉवर बँक खाली चालत नाही, तेव्हा ती आणि औषधं आधीच छोट्या पिशवीत ठेवा.

कोल्हापूरकरांच्या सामानातली खरी अडचण खाण्याची. कांदा-लसूण चटणी हातातल्या पिशवीत नेऊ देत नाहीत, चेक-इनमध्ये टाका. काकवी द्रवपदार्थात मोजतात, तीही तिकडेच, झाकणाला चिकटपट्टी लावून. अंबाबाईच्या ओटीतलं सुकं खोबरं मात्र दोन्हीकडे बंद, त्यातल्या तेलामुळे ते पेट घेऊ शकतं.

लहान शहरांना विमानाने जोडणाऱ्या सरकारी उडान योजनेत विमानातल्या ठरावीक जागांनाच भाड्याची मर्यादा असते. मार्गाचं अनुदान तीन वर्षांचं. ते संपलं की भाडं चढतं, कधी मार्गच बंद होतो. जुन्या वेळापत्रकावर विसंबू नका, काही विमानं रोज नसतात.

शहरापासून अंतर नऊ-दहा किलोमीटर. वडाप (शेअर जीप) किंवा बस हायवेवर उजळाईवाडीला सोडते, पण बॅगा घेऊन पुढची चाल नकोशी होते. रिक्षाच बरी, भाडं आधी ठरवून. काउंटर साधारण तासभर आधी बंद होतो. टर्मिनल छोटं म्हणून उशिरा पोचण्याची सवय लागते, ती महागात पडते.

सांगली-जयसिंगपूरकडून येणाऱ्यांनी पंचगंगेची पातळीही बघावी. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात शिरोलीजवळ महामार्ग पाण्याखाली होता आणि विमानतळ नदीच्या पलीकडे. पाणी चढायला लागलं की आदल्या दिवशीच पूल ओलांडून कोल्हापुरात मुक्काम करा.