टामा ऑक्टोबान, लो-पिच चारचा संच: सायमन फिलिप्सच्या डावीकडच्या नळ्या

हाय-हॅटच्या (पायाने उघडझाप होणाऱ्या झांजांच्या जोडीच्या) वर उभ्या चार लांबलचक नळ्या, हा इंग्लिश ड्रमर सायमन फिलिप्सच्या ड्रम किटचा सगळ्यात ओळखीचा कोपरा. बहुतेक जण ऑक्टोबान, म्हणजे टामा कंपनीचे हे नळीसारखे ड्रम, घ्यायला निघतात ते हा कोपरा फोटोत पाहूनच. वाद्य उत्तम आहे, पण महाग आहे आणि हट्टी आहे. शिवाय फिलिप्ससारखा डावा हात नसेल तर निम्मे पैसे वाया जातात.

आधी वस्तू काय आहे ते पाहू. प्रत्येक नळीचा व्यास ६ इंच, हेड (काठी मारायचा ताणलेला पडदा) फक्त वरच्या तोंडावर, खालचं तोंड उघडं. फरक असतो तो लांबीचा. आठ नळ्यांच्या पूर्ण कुटुंबात सगळ्यात आखूड नळी २८० मिमीची आणि सगळ्यात लांब ६०० मिमीची. दुकानात त्या चार-चारच्या दोन संचांत मिळतात, लो-पिच आणि हाय-पिच. फिलिप्स वापरतो तो लो-पिच.

आवाजाचं गणित साध्या टॉमपेक्षा (किटमधल्या मधल्या आकाराच्या ड्रमपेक्षा) वेगळं आहे. टॉममध्ये सूर मुख्यतः हेडच्या ताणावर ठरतो. इथे नळीतला हवेचा स्तंभही तितकाच बोलतो. एक तोंड बंद, एक उघडं अशा नळीच्या हिशेबाने ६०० मिमीची नळी साधारण १३०-१३५ हर्ट्झला गुंजते, म्हणजे पियानोवरच्या मधल्या सीच्या खालच्या सप्तकातला सी. २८० मिमीची नळी जवळपास मधल्या सीवर. आठ नळ्यांत एक सप्तक, शेजारच्या दोघींत सरासरी पावणेदोन सेमीटोन (सेमीटोन म्हणजे सप्तकाचा बारावा भाग). म्हणून लो-पिचच्या चौघी एकमेकींच्या बऱ्याच जवळ बोलतात. उतरत्या फिलमध्ये (तालाच्या मधे भरायच्या तुकड्यात) मोठमोठ्या उड्या हव्या असतील तर ताण वाढवून त्या मिळणार नाहीत, तिथे दोन लांब आणि दोन आखूड अशी जोडणीच हवी.

ट्यूनिंगला लोक इथेच फसतात. हेड टॉमसारखं वाटेल तितकं ताणलं की हेडचा सूर एकीकडे आणि नळीचा दुसरीकडे जातो, आणि उरतो कोरडा, पत्र्याच्या डब्यावर मारल्यासारखा ‘टक’. योग्य पद्धत अशी: नळीच्या उघड्या तोंडाशी हलकेच गुणगुणत सूर वरखाली न्यायचा, ज्या सुराला नळी आपणहून भरून उत्तर देते तो तिचा. मग हेड ताणणारे रॉड बोटाने घट्ट करून समोरासमोरच्या जोडीने पाव-पाव फेरा द्यायचा. आवाज अचानक मोठा आणि लांब होतो ती जागा सापडली की थांबायचं. तिथून अर्धा-एक सेमीटोन वर चालतं, त्यापुढे नाही. सुरुवात नेहमी सगळ्यात लांब नळीपासून. पातळ क्लिअर हेडने स्वर मोकळा राहतो. पिनस्ट्राइपसारख्या दुहेरी हेडने गुंज आखडते पण ठोका ठळक होतो, जोरकस रॉकसाठी तेच बरं.

आता त्या डाव्या हाताकडे. फिलिप्स वाजवतो ओपन-हँडेड: हात न ओलांडता हाय-हॅट डाव्या हाताने, स्नेअर (किटच्या मधला कडक आवाजाचा ड्रम) उजव्याने. राइड ही मोठी झांजही त्याच्या डावीकडेच. त्यामुळे हाय-हॅट बऱ्यापैकी खाली असतो आणि डावा हात तिथून सरळ वर नळ्यांवर जातो, तालाचा धागा न तोडता. उजवा हात हाय-हॅटवर ओलांडून वाजवणाऱ्याने चार नळ्या तिथेच लावल्या तर काठीला कोपर आडवं येतं. अशांनी त्या पहिल्या टॉमच्या पलीकडे, समोर मध्यभागी लावाव्यात. दिसायला कमी भारी, वाजवायला शहाणपणाचं.

आणि या माणसाकडे तो हात कुठून आला, तर कामातून. १९५७ साली लंडनमध्ये जन्म. वडील सिड फिलिप्स क्लॅरिनेटवादक आणि डिक्सीलँड बँडचे प्रमुख. बाराव्या वर्षी सायमन त्यांच्या बँडमध्ये व्यावसायिक वादक म्हणून बसला. वडील १९७३ मध्ये गेले, त्यानंतर लंडनच्या वेस्ट एंड नाट्यगृहांतलं म्युझिकल आणि मग स्टुडिओची रांग लागली. १९७७ चा ज्यूडस प्रीस्ट या हेवी मेटल बँडचा ‘सिन आफ्टर सिन’ अल्बम वाजवला तेव्हा तो जेमतेम विशीचा. १९८० मध्ये गिटारवादक जेफ बेकसोबत ‘देअर अँड बॅक’, १९८९ मध्ये द हू या रॉक बँडचा दौरा, १९९२ मध्ये ड्रमर जेफ पोर्कारो वारल्यावर त्याच्या जागी टोटो बँड आणि तिथे २०१४ पर्यंत मुक्काम. पुढे जपानी पियानोवादक हिरोमीच्या त्रिकुटात जॅझ. इतक्या वेगवेगळ्या घरचं मीठ खाल्लेला ड्रमर जास्तीचे आवाज हौसेखातर बाळगत नाही. ऑक्टोबान तो टॉमच्या जागी वापरत नाही. टॉमची रांग आहेच, तिच्या वरचा कोरडा, नेमका सूर असलेला पट्टा त्यांनी भरतो.

स्टेजवर दोन कटकटी ठरलेल्या. पहिली, लांब नळीचं खालचं तोंड हाय-हॅटच्या पायांना किंवा जाड गालिच्याला जवळ आलं तर आवाज गुदमरतो. निदान वीतभर मोकळी जागा ठेवा. दुसरी, बेस गिटारने १३० हर्ट्झच्या आसपासचा स्वर धरला की लांब नळी न वाजवता घुमते आणि माइक ते इमानेइतबारे उचलतो. वरून दोन नळ्यांत एक डायनॅमिक माइक आणि त्यावर गेट (हलका आवाज आपोआप बंद करणारं साधन) पुरतो. खालून नळीत माइक घालायचा मोह आवरा, सगळं ढुमढुम होतं. वजन वर असल्यामुळे तिपाईचा एक पाय नळ्यांच्या झुकावाच्या दिशेने आलाच पाहिजे, नाहीतर दुसऱ्या गाण्यापर्यंत स्टँड हळूहळू वाजवणाऱ्याकडे कलतो.

६ इंची हेड आपल्याकडे दुकानात सहज हाती लागेल या भरवशावर राहू नये. संचाबरोबरच चार जादा मागवा. काठीचं टोक सोडून खांदा लागला की एवढ्याशा हेडवर लगेच खळगा पडतो.

पीव्हीसी पाइप कापून घरी बनवायचा विचार असेल तर एक अडचण आधीच सांगतो. आपल्या प्लंबिंगच्या दुकानात ‘सहा इंची’ म्हणून मिळणाऱ्या पाइपचा बाहेरचा व्यास १६० मिमी असतो. ६ इंची हेडला तो १५२ च्या किंचित आत हवा. १६० वर हेड बसतच नाही आणि त्याखालच्या १४० वर ते सैल पडतं. बाहेरून घासून ८ मिमी उतरवण्यात अर्थ नाही, भिंत पातळ होऊन लगचे (रॉड अडकवायच्या खुंट्यांचे) स्क्रू धरत नाहीत.

तेव्हा ओपन-हँडेड वाजवत असाल आणि टॉमची रांग पूर्ण असेल तर लो-पिच संच डोळे मिटून घ्या. पाच पीसच्या किटवर, पब गिगसाठी, चार घेऊ नका. दोनच घ्या, सगळ्यात लांब आणि तिच्यानंतरची एक सोडून तिसरी.