प्री-वेडिंगचे फोटो निवडायचे कशावर, मोबाइलवर की लॅपटॉपवर?

शूटचे सातशे-आठशे फोटो हातात आले की घरात पहिला प्रश्न हाच. मी दोन्ही पद्धतींनी अल्बम केलेत. शेवटची निवड लॅपटॉपवरच करावी, असं माझं ठाम मत आहे. तरी सुरुवात मोबाइलवरच करा.

चेहऱ्यावरचा भाव मोबाइलवर लगेच कळतो. अंगठ्याने सरकवत जा आणि बोट जिथे आपसूक थांबेल तो ठेवा. डोळे मिटलेले, ओढूनताणून हसलेले तासाभरात गळतात. आजीलाही दाखवा, नातीचं खरं हसू तिला बरोबर ओळखू येतं.

मोबाइल फसवतो तो उजेडाच्या बाबतीत. नळदुर्गच्या किल्ल्यात पाठीमागे काळा दगड असतो. फ्रेममध्ये काळं जास्त आलं की ऑटोवरचा कॅमेरा उजेड वाढवतो, आणि चेहरा-कपडे पांढरे पडतात. मागच्या हिवाळ्यात अशाच एका फोटोत नवरीच्या पैठणीचा पदर मोबाइलवर नुसता झगमगत होता. घरच्यांनी तोच कव्हरसाठी धरला. लॅपटॉपवर शंभर टक्के झूम केला, तर पदरावरच्या मोराची मान म्हणजे एक पांढरा डाग! जरीचा धागा म्हणून दिसेना. जेपेगमध्ये, म्हणजे नेहमीच्या दाबून लहान केलेल्या फोटो-फाइलमध्ये, असं उडालेलं परत येत नाही; रॉ, म्हणजे कॅमेऱ्याने टिपलेली मूळ फाइल असेल तर थोडंफार सावरतं. त्याच्याच शेजारचा, जरा काळपट म्हणून सोडलेला फोटो उघडला. त्यात धागा न् धागा होता. कव्हरवर तोच गेला.

फोकसचंही तसंच. डोळ्याऐवजी झुमक्यावर फोकस बसलाय, हे मोबाइलवर कळत नाही. 12 बाय 18 इंचाच्या पानावर लगेच कळतं. 300 डीपीआयने, म्हणजे इंचाला 300 ठिपके धरून, त्या पानाला 5400 बाय 3600 पिक्सेल लागतात. 24 मेगापिक्सेलचा फोटो 6000 बाय 4000 असतो, म्हणजे कडा कापायला फारशी जागा उरत नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर साधा पाठवलेला फोटो तर लहान होऊनच येतो, त्यावरून फोकस ठरवू नका.

लॅपटॉपचा त्रास एवढाच की दोन तास बसलं की सगळेच फोटो सारखे वाटू लागतात. म्हणून मोबाइलवर दीडशेपर्यंत आणा, दोन दिवस जाऊ द्या, मग लॅपटॉपवर एकाच पोझचे दोन-दोन शेजारी लावून बघा. घरी लॅपटॉप नसेल तर फोटोग्राफरच्या स्टुडिओत तासभर बसा. अल्बम छापायला जाण्याआधी तेवढं मागून घ्या.