पोलर एच१० छातीचा पट्टा: दम वाढवायचाय त्यांनी जरूर घ्या

पळणारे, टेकडी चढणारे, सायकलवाले, ज्यांना ज्यांना दम वाढवायचाय त्या सगळ्यांसाठी लिहितेय. पोलरचा एच१० हा हृदयाचे ठोके मोजणारा, छातीला बांधायचा पट्टा मी बरेच महिने वापरतेय आणि मला तो मनापासून आवडलाय. कंपनी फिनलंडची, १९७७ पासूनची, आणि ठोके मोजणं हेच त्यांचं मूळ काम.

पहिला प्रश्न सगळे हाच विचारतात की मनगटावरचं घड्याळ असताना हा कशाला. रोजच्या चालण्याला घड्याळ पुरतं. पण घड्याळ कातडीवर हिरवा लाइट टाकून रक्ताचा प्रवाह बघतं, त्यामुळे हात जोरात हलला, घड्याळ सैल असलं किंवा थंडीत हात गार पडला की आकडा भरकटतो, कधीकधी तर ठोक्यांऐवजी पावलांचाच ताल पकडून बसतं, आणि पळताना पावलं मिनिटाला १६०-१७० पडतात त्यामुळे तो आकडा खराच वाटतो! पट्टा इसीजीसारखा हृदयाचा विजेचा सिग्नल पकडतो. पुण्यात तळजाईच्या टेकडीला सपाटीवरून चढाला लागलं की चारदोन पावलांतच आकडा वर सरकायला लागतो, आणि खरा उपयोग तिथेच आहे.

कारण दम वाढतो तो बराचसा हळू पळून. बसल्या जागी हृदय मिनिटाला साधारण ५ लिटर रक्त फिरवतं, म्हणजे समजा ७० ठोके आणि दर ठोक्याला ७० मिली. नियमित व्यायामाने हृदयाचा डावा कप्पा जास्त भरायला लागतो, एका ठोक्यात ९० मिली जायला लागलं की तेच काम ५५ ठोक्यांत होतं. शिवाय स्नायूंत बारीक रक्तवाहिन्या वाढतात, पेशींतले मायटोकॉन्ड्रिया, म्हणजे ऊर्जा तयार करणारे बारीक भाग, वाढतात. या सगळ्याला आठवडे नाही, महिने लागतात आणि त्यातला मोठा भाग झोन २ मध्ये होतो, म्हणजे कमाल ठोक्यांच्या ६० ते ७० टक्के. चाळिशीच्या माणसाचे कमाल ठोके १८० धरले तर १०८ ते १२६. करून बघा, चढावर १२६ च्या आत राहायचं तर बहुतेकांना चालावंच लागतं, आणि चाला की मग, कोण काय म्हणतंय! सातारा हिल मॅरेथॉनसाठी यवतेश्वरचा घाट चढायचा असेल त्यांनी तर हे आधी शिकावंच. जोरात पळायचे दिवसही हवेत, पण आठवड्यातून एखाद-दुसरा.

कमाल ठोके काढायचा २२० वजा वय हा फॉर्म्युला मात्र अंदाजाचाच. दुसरा आहे २०८ वजा वयाच्या ०.७ पट, त्याने साठीच्या माणसाचे १६० ऐवजी १६६ येतात. आणि बीपीच्या काही गोळ्या, बीटा ब्लॉकर, ठोके दाबून ठेवतात, त्यांना दोन्ही फॉर्म्युले लागू नाहीत, डॉक्टरांना विचारूनच काय ते ठरवा. एप्रिल-मेमध्ये त्याच स्पीडला ठोके हळूहळू वर चढत जातात, घामाने रक्तातलं पाणी कमी होतं म्हणून, तेव्हा स्पीड कमी करा आणि आकडा सांभाळा.

आता वापरायचं कसं. आतल्या बाजूचे इलेक्ट्रोड, म्हणजे सिग्नल पकडणारे भाग, पाण्याने नीट ओले करून मगच बांधा, कोरड्या कातडीवर सुरुवातीला काहीही आकडे येतात. बायकांनी स्पोर्ट्स ब्राच्या इलॅस्टिकच्या बरोबर खाली बांधावा, त्याच्यावर चढवला तर घासतो. पळून आलं की मधली सेन्सरची डबी काढून ठेवायची आणि पट्टा धुवायचा, ओल्या पट्ट्याला डबी तशीच राहिली तर सेल उगाच संपत राहतो. सेल सीआर२०२५, कंपनी ४०० तास सांगते. घड्याळाच्या दुकानात २०३२ पुढे करतील तर घेऊ नका, तो जाड असतो. ब्लूटूथवर मोबाइल आणि घड्याळ दोन्ही एकदम जोडता येतात हे फार सोयीचं.

स्वस्त नाहीये, हे खरं. नुसतं फिरायलाच जात असाल तर नका घेऊ, चालता चालता अख्खं वाक्य न धापता बोलता येतंय का एवढं बघितलंत तरी झोन २ बऱ्यापैकी कळतो. पण दहा किलोमीटर, हाफ मॅरेथॉन, घाटातली सायकल असलं काही डोक्यात असेल तर नवे बूट घ्यायच्या आधी हा घ्या.