‘ज्वालामुखीचं फूल’ विकणारा टेम्पो दिसला तर

एप्रिल लागला की सोलापुरात झाडं विकणारे ‘उन्हात टिकणारं’ काय काय बाहेर काढतात. यंदा त्यात भर पडली ती ज्वालामुखीच्या फुलाची. विजापूर रोडला टेम्पो उभा, मागे भला मोठा फ्लेक्स, त्यावर चंदेरी पानांचं झाड आणि खाली ‘पाणी नको, सावली नको, लाव्हावर फुलते’. पारा बेचाळीसच्या पुढे गेला की आमच्या गच्चीवर तुळससुद्धा करपते. सासूबाई थांबल्या, मग मीही थांबले.

टेम्पोवाल्याने दाखवलेला प्रयोग नीट सांगते, कारण सगळी मेख तिथेच आहे. शेगडीवर कढई, कढईत तापलेली वाळू. हातात छोटी कुंडी, त्यात गोल निवडुंग आणि डोक्यावर भगवं फूल. आधी त्याने फुलावर फवारा मारला. “बघा आज्जी, थंडावा लागला की झोपतंय.” मग हवाई बेटांची गोष्ट सुरू झाली, ती संपेपर्यंत फूल खरंच मिटलं होतं. मग त्याने कुंडी कढईच्या धगीवर, वाळूपासून वीतभर उंच धरली आणि पुन्हा बोलत राहिला. फूल हळूहळू उमललं. “आग लागली की जागं होतंय की ओ ताई!” बघ्यांनी टाळ्या वाजवायच्या तेवढ्या राहिल्या. कुंडी ६५० रुपये, रोख. बिल नाही.

घरी आल्यावर ते फूल जसंच्या तसं. कोमेजणं नाही, नवी कळी नाही. अवकाळीची सर आली तेव्हा मिटलं, दुसऱ्या दिवशी उन्हात उघडलं. शेवटी सासूबाईच वैतागल्या. “एक पाकळी गळत नाही, हे फूल आहे का प्लॅस्टिकचा डबा?” त्यांनी नखाने बुडाशी टोकरलं आणि फूल हातात आलं. खाली देठ नव्हता. ग्लू गनच्या पारदर्शक गोंदाचा वाळलेला थेंब होता आणि त्यात निवडुंगाचे दोन काटे अडकले होते. पाकळ्या बोटांत कडक भाकरीसारख्या कडकडल्या.

ते स्ट्रॉफ्लॉवर होतं, मूळ ऑस्ट्रेलियातलं, वाळवून सजावटीत वापरतात ते. ज्यांना आपण पाकळ्या म्हणतो ती त्याची कोरडी, कागदी पानं असतात. ओल लागली की ती आत वळतात, कोरडी झाली की उघडतात, आणि फूल मेलेलं असलं तरी हे चालूच राहतं. म्हणजे प्रयोगात हातचलाखी अजिबात नव्हती. फूल मिटलं ते पाण्याने, उघडलं ते सुकल्यामुळे, आणि त्याने त्यावर ज्वालामुखीची गोष्ट चिकटवली. निवडुंगावर असं फूल चिकटवून विकणं ही रोपांच्या धंद्यातली जुनी क्लृप्ती आहे.

फ्लेक्सवरचं झाड मात्र खरं निघालं. ते हवाईतल्या हालेआकाला पर्वतावरचं सिल्व्हरस्वर्ड. ज्वालामुखीच्या राखेवर उगवतं हे खरं, पण तो ज्वालामुखी शांत आहे, झाड वाढतं २,००० मीटरच्या वर, आणि तिथे रात्री गोठायची वेळ येते. अनेक वर्षांनी एकदाच फुलून ते मरतं, शिवाय कायद्याने संरक्षित आहे. हवाईतला लाव्हा तर बाहेर पडताना अकराशे अंशांच्या पुढे असतो, त्यावर कुठलंच झाड टिकत नाही. उष्णतेतलं खरं नवल म्हणजे अमेरिकेतल्या यलोस्टोनमध्ये तापलेल्या जमिनीत वाढणारं एक साधं गवत. ते ६५ अंशांपर्यंत तग धरतं, तेही एकट्याच्या जिवावर नाही. त्याच्या अंगात एक बुरशी असते आणि बुरशीच्या आत एक विषाणू. तिघांतला एक काढला तर त्या उष्णतेत गवताचा निभाव लागत नाही, हे २००७ मध्ये सिद्ध झालं. कुंडीतले काळे खडे टेम्पोवाला ‘अस्सल लाव्हा’ म्हणाला होता, ते मात्र खोटं नव्हतं. आपला काळा पाषाण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हाच आहे, आणि तो आपल्याकडे खडीच्या भावाने मिळतो.

खरा फटका पुढे बसला. फूल चिकटवलेलं आहे हे कळायच्या आधीच, ‘हवाईचं बियाणं’ येतंय म्हणून टेम्पोवाल्याने व्हॉट्सॲपवर ३,८०० रुपये आगाऊ घेतले होते. नंतर निरोप आला: पार्सल कस्टममध्ये अडकलंय, सोडवायला आणखी १,५०० त्याच यूपीआयवर टाका. तिथे आम्ही हात आखडला. कस्टमचं शुल्क कुणाच्या खासगी यूपीआयवर भरलं जात नाही. परदेशी बियाणं आणायचं तर २००३ च्या प्लांट क्वारंटाइन आदेशानुसार परवाना आणि त्या देशाचा वनस्पती-आरोग्य दाखला लागतो. दोन्हींचा फोटो मागितल्यावर त्याने ब्लॉक केलं.

सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, १९३० वर, फोन केला, सायबर पोर्टलवर तक्रार टाकली. यूपीआयचा बारा आकडी व्यवहार क्रमांक आणि चॅटचे स्क्रीनशॉट कामाला आले. फोन जितका लवकर कराल तितकी पैसे वाटेतच अडवले जाण्याची शक्यता जास्त, म्हणून आधी नातेवाइकांना सांगत बसू नका. रोख दिलेल्या ६५० रुपयांचं काहीच करता आलं नाही. ग्राहक हेल्पलाइन १९१५ आहे, पण तिथे विक्रेत्याचं नाव-पत्ता लागतो आणि आमच्याकडे तर बिलसुद्धा नव्हतं.

तक्रारीचा नंबर मिळालाय, पैसे अजून नाहीत. परवा नणंदेने बार्शीहून फोटो पाठवला. तसाच फ्लेक्स, तीच कढई, भाव आता ८५० रुपये. तिला म्हटलं, घ्यायचं नाही, पण फुलाच्या बुडाशी नख लावून दाखव चार लोकांना.